बुधवारचं पाणी

१

आमच्या गल्लीत नळाला आठव्या दिवशी पाणी येतं. तक्रार म्हणून नाही सांगत, तक्रार करून करून जीभ झिजली. बाहेरच्या माणसाला आमचा दिवस कसा चालतो ते कळावं म्हणून सांगते. इथं हर्सूलला बायका वार विसरतील, पाण्याचा दिवस विसरणार नाहीत. साखरपुडा असो की मोतीबिंदूचं ऑपरेशन, आधी विचारतात, त्या दिवशी पाणी तर नाही ना? आणि पाणी आलं की आठ दिवस जिवापाड जपलेलं पिण्याचं पाणी शिळं झालं म्हणून झाडाला ओततात. मीही ओतते.

मी सुरेखा. वय एकोणपन्नास. फॉल-पिको करते, ब्लाऊज शिवते. आई-वडील गेले, घर माझ्या नावावर झालं. पुढं शिवणाची खोली, मागं स्वयंपाकघर, त्याला लागून मोरी आणि मागचं दार. लग्न झालेलं नाही. का नाही केलंस, असं लोक पूर्वी विचारायचे. आता विचारत नाहीत, म्हणजे मी म्हातारी झाले असं समजायचं.

त्या बुधवारी पाण्याचा दिवस नव्हता. दुपारचे अडीच वाजले होते. एका निळ्या साडीला फॉल लावत होते. धागा तुटला म्हणून मशीन थांबवलं आणि मोरीतून आवाज आला. पाणी येण्याआधी पाइपातली हवा सुटते ना, तो सूंऽऽ असा आवाज. आमच्याकडची बाई तापानं फणफणलेली असली तरी या आवाजानं उठून बसेल. मीही हंडा उचलूनच मोरीत गेले.

नळ बंद होता. म्हणजे माझा रोजचा नळ. आवाज दुसऱ्या नळातून येत होता.

२

माझ्या मोरीत दोन नळ आहेत. एक नवा, काळ्या प्लॅस्टिकच्या पाइपावरचा. दुसरा जुना, लोखंडी पाइपावरचा पितळी. आठ वर्षांपूर्वी गल्लीत सिमेंटचा रस्ता झाला तेव्हा नवी लाइन टाकली, जुनी बंद केली. सगळ्यांनी जुने नळ काढून भंगारात दिले. मी दिला नाही. म्हटलं, राहू द्या, घासणी अडकवायला बरा पडतो. आठ वर्षं त्याला घासणीच अडकवलेली आहे.

त्या नळातून हवा सुटत होती आणि घासणी हलत होती. मग दोन उचक्या आल्या, गंजाचं तांबडं पाणी पडलं आणि पाठोपाठ चांगली अंगठ्याएवढी धार लागली. गार, नितळ.

घाबरले का म्हणाल तर नाही. आमच्या शहरातली बाई नळाला पाणी आल्यावर आधी भांडं लावते, मग विचार करते. हंडा भरला, दुसरा भरला, बादल्या भरल्या, शेवटी पिठाचा डबा रिकामा करून तोही भरला. मग नळ बंद केला आणि ओल्या पायांनी तिथंच उभी राहिले. नळ बंद होता, तरी भिंतीतला पाइप गुणगुणत होता. मागं पाणी दाबून उभं असलं की पाइप तसा गुणगुणतो.

पाच वाजेपर्यंत गुणगुणत होता. नंतर गप्प झाला.

३

कडुबा आमच्या भागाचा पाणी सोडणारा. चांगला माणूस आहे, फक्त कायम घाईत. त्याला सांगितलं तर हसायला लागला. म्हणाला, ताई, जुनी लाइन मेलेली आहे, तिला पाणी कुठून येईल? मी म्हटलं, येऊन बघ. तो मागच्या अंगाला गेला, भिंतीजवळची माती पायानं सरकवली आणि मला बोलावलं. माझ्या मोरीतून निघालेला लोखंडी पाइप भिंतीबाहेर वीतभर येऊन संपत होता. रस्ता करताना तिथूनच कापला होता. कापलेल्या तोंडात कुंभारमाशीनं मातीचं घर केलेलं, ते वाळून कडक झालेलं.

"आता सांगा," कडुबा म्हणाला.

काय सांगणार? म्हटलं, नव्या नळाचंच असेल, माझंच लक्ष नसेल. तो गेला. मी स्वतःलाही तेच सांगितलं. एकटी राहते, शिवणात डोळे फुटतात, चाळिशी ओलांडली की बायकांच्या डोक्याचं काय काय होतं म्हणतात. पण पाण्यानं भरलेला पिठाचा डबा ओट्यावर होता, त्याला मी काय सांगणार?

पुढच्या बुधवारी अडीच वाजता पुन्हा हवा सुटली. या वेळी जैतुनबीला हाक मारली. ती शेजारीण, तीस वर्षांची ओळख, दोघींच्या मागच्या दारांमध्ये एक बोळ तेवढा. तिचा ड्रम तळाला गेलेला, ती बादली घेऊनच आली. नळ कोणता ते तिनं पाहिलंच नाही, बादली भरली आणि ओंजळीनं प्यायली.

"मीठा है बाजी," म्हणाली. "पहले का पानी ऐसाच आता था."

पहले का. ती गेल्यावर मी मोरीच्या कट्ट्यावर बसले. अडीच वाजता, बुधवारी, आड दिवशी, या नळाला पाणी याआधी एकदाच आलं होतं. ते मीच मागून घेतलं होतं.

४

सोमनाथ पाणी सोडायचा. कडुबाच्या आधीचा, रोजंदारीवरचा. खांद्यावर व्हॉल्व्ह फिरवायची लांब लोखंडी चावी घेऊन गल्लीत यायचा. चावीच्या मुठीला लाल चिंधी गुंडाळलेली. ती चिंधी माझ्या ब्लाऊजपीसची होती, हे तो आणि मी सोडून कुणाला माहीत नव्हतं. तेव्हा पाणी दिवसाआड यायचं आणि आमचं घर लाइनवर पहिलं. आमचा व्हॉल्व्ह माझ्या मागच्या दारापासून वीस पावलांवर, रस्त्यातल्या एका विटांच्या हौदात होता. पुरुषभर खोल, वर लोखंडी झाकण. आत उतरूनच तो फिरवावा लागायचा.

आमची एक खूण होती. माझी भांडी भरली की मी तांब्यानं लोखंडी पाइपावर तीनदा ठोकायची. लोखंडातून आवाज सरळ जातो. त्याला खाली ऐकू जायचं, तो व्हॉल्व्ह फिरवायचा, वर येऊन झाकण लावायचा. मग मागच्या दाराशी यायचा, चावी डाव्या हाताला भिंतीला टेकवायचा आणि म्हणायचा, "बंद केलं." एवढंच. मी उंबऱ्यातून चहा द्यायची, तो उभ्यानं प्यायचा. दोन वर्षं हेच. एवढ्यावर माणूस जन्म काढू शकतो का असं मला कुणी विचारलं तर मी माझ्याकडं बोट दाखवीन.

शेवटी त्यानं घरी सांगितलं. त्याची आई, सारजाबाई, मला बघायला यायचं ठरलं. बुधवारी चार वाजता. बुधवारी पाणी नव्हतं. आई दोन दिवस कुरकुरत होती की पाहुण्यांसमोर अंगणात सडा नाही, धुतलेला कप नाही. मी सोमनाथला म्हटलं, अर्धा तास सोड ना, फक्त आपल्यापुरतं. तो म्हणाला, आड दिवशी सोडणं म्हणजे चोरी आहे, कुणी पाहिलं तर काम जाईल. मी रुसले. हो, रुसले, दुसरा शब्द नाही त्याला. मग तो म्हणाला, बरं, आत उतरून झाकण वरून ओढून घेतो, म्हणजे कुणाला दिसणार नाही. तू भरलं की ठोक.

अडीचला पाणी आलं. मी सगळं भरलं आणि नळ बंद केला. तेवढ्यात आईनं हाक मारली, मामी साडी नेसवायला आल्या होत्या. मी गेले. ठोकायचं राहिलं.

सोमनाथ सहा वाजता सापडला. हौदातली हवा खराब झाली होती, म्हणाले. झाकण आतून ओढलेलं, खाली गळतीचं पाणी साचलेलं, चावी मांडीवर, कान पाइपाला लागलेला.

लोक म्हणाले, आड दिवशी चोरून पाणी विकत होता. मी तोंड उघडलं नाही. बावीस वर्षं.

५

आता लाज सोडून सांगते. तिसऱ्या बुधवारपासून मी त्या पाण्याची वाट बघायला लागले.

मंगळवारी रात्री केस धुवायची. बुधवारी जेवण लवकर उरकायची, शिवणाला आलेल्या बायकांना चारनंतर या म्हणायची. अडीच वाजता धार लागली की एखादं भांडं भरायची, नळ बंद करायची आणि मोरीत पाट टाकून पाइपाला कान लावून बसायची. पहिल्यांदा नुसती गुणगुण ऐकू आली. मग तिच्यामागं, खूप लांब, कुणीतरी घसा खाकरला.

तो तसा खाकरायचा. दोनदा, दुसऱ्यांदा हळू.

मी रडले नाही. मला आनंद झाला. इतका आनंद मला बावीस वर्षांत झाला नव्हता, खोटं कशाला बोलू? आठवणीत माणूस दरवर्षी थोडा थोडा पुसला जातो. त्याचा आवाज मला आठवेनासा झाला होता, आणि आता तो माझ्या भिंतीत होता. मी त्याच्याशी बोलायची. आई कशी गेली, कुणाची पोरगी कुठं दिली, मला चष्मा लागला. तो ऐकत असावा. कान लावूनच तर बसला होता.

तांब्या हाताशी असायचा. मी ठोकत नव्हते. ठोकलं की तो बंद करणार, आणि बंद केलं की संपलं. बसू दे की थोडा वेळ, असं मी मनात म्हणायची. त्याला कुठं घाई आहे?

सहाव्या बुधवारी खाकरणं बदललं. खोकला झाला, कोरडा आणि लांबलेला. मग श्वास. तोंड उघडून घेतलेला, आत ओढला जात नसलेला. चार वाजेपर्यंत तो भराभर होत गेला. साडेचारला त्यात खंड पडायला लागले. पाचला थांबला.

त्या दिवशी कळलं की मी काय ऐकत बसले होते. दर बुधवारी तोच बुधवार होता. आणि दर बुधवारी मी तांब्या हातात घेऊन बसले होते.

६

सारजाबाई आता बजाजनगरला धाकट्या मुलाकडं असते. सून-मुलगा दोघंही वाळूजला कंपनीत, दिवसभर म्हातारी एकटी. बावीस वर्षांत मी तिला तीनदा भेटले असेन. रविवारी गेले तेव्हा ती खाटेवर बसून लसूण सोलत होती. दृष्टी अधू झालीय, पण मला आवाजावरून ओळखलं.

सगळं सांगितलं. नळाचं सांगितलं, पाणी मीच मागितलं होतं ते सांगितलं, ठोकायचं विसरले ते सांगितलं. ती लसूण सोलत राहिली. मग मी ते सांगितलं जे स्वतःलाही कधी सांगितलं नव्हतं.

"मावशी, मी विसरले होते, पण मला आठवलंही होतं. तुम्हाला पोह्यांचा ट्रे घेऊन आले ना, तेव्हा. तुम्ही म्हणालात, सोमनाथ कुठं राहिला, आणि मला आठवलं. साडेचार वाजले होते."

तिचे हात थांबले.

"मंग?"

"वडील बसले होते. मामा बसले होते. चोरीचं पाणी मी मागितलं हे कसं सांगू, असं झालं. वाटलं, तो वर आला असेल, कपडे बदलायला गेला असेल. मी खाली बघत उभी राहिले."

वीस पावलांवर तिचा मुलगा होता आणि ती माझ्या हातचे पोहे खात होती. हे आम्हा दोघींच्याही मनात एकाच वेळी आलं असावं. मला वाटलं मारील. मारलं असतं तर बरं झालं असतं.

"पोरगं चोर न्हवतं तर," ती म्हणाली. मग हातानं चाचपून माझं मनगट धरलं. लसणाचा वास, आणि पकड केवढी! "ठोक. येत्या बुधवारी ठोक. किती दिवस कोंडून ठेवशील त्याला? आन् दार उघडं ठेव. ठोकल्यावर त्यो चहाला येतो म्हणलीस ना? दार उघडं ठेव माय."

मी हो म्हटलं. ठोकल्यावर तो दाराशी येईल, हे तर माझ्या ध्यानातच आलं नव्हतं.

७

बुधवारी मागचं दार सकाळपासून उघडं ठेवलं. आल्याचा तुकडा ठेचून ठेवला. त्याचा कप माळ्यावर होता, तो काढून धुतला. अडीचला धार लागली. एक हंडा भरला, नळ बंद केला, तांब्या घेतला आणि ठोकलं.

एक. दोन. तीन.

गुणगुण थांबली. अशी थांबली की पंख्याचा आवाज मोठा वाटायला लागला. मी चहाचं आधण ठेवलं. मनात म्हणत होते, झालं, सुटला, एवढंच होतं तर बावीस वर्षं का लावलीस?

मग बाहेर लोखंड घासल्याचा आवाज आला. झाकण सरकवताना येतो तसा, जड, दोन टप्प्यांत. आमच्या गल्लीत आता झाकण नाही. सिमेंट आहे. मी दारातून बघितलं तर रस्ता कोरडा, ऊन रणरणत होतं, एक कुत्रं सावलीला झोपलेलं. ते उठलं आणि शेपटी पायात घालून निघून गेलं.

पावलं वाजली. ओल्या चपलांची. पच, पच. वीस पावलं असतात ती, मला माहीत आहेत. अकराव्या पावलापर्यंत मी उभी होते. बाराव्याला मी दार लावलं.

का लावलं? मी बावीस वर्षं याच पावलांची वाट बघितली होती. पण माझे केस पांढरे झालेत आणि तो अठ्ठावीसचा आहे. तो मला ओळखणार नाही, असं वाटलं. त्याहून वाईट म्हणजे ओळखेल, असं वाटलं. ओळखेल आणि विचारेल, एवढा वेळ का लावलास? आतून कडी घातली आणि कडीवर हात ठेवून उभी राहिले.

भिंतीला, डाव्या हाताला, लोखंड टेकल्याचा आवाज झाला.

"बंद केलं," तो म्हणाला.

आवाज त्याचाच. जरा दम लागलेला. दाराला खाली बोटभर फट आहे, तिच्यातून पाणी आत यायला लागलं, माझ्या पायांपर्यंत आलं. बर्फासारखं गार. फटीत बोटांची टोकं दिसली. वाकून दार ढकलतो तशी टेकलेली. धुण्यात हात फार वेळ राहिले की बोटं पांढरी पडून सुरकुततात, तशी होती. नखं निळी.

"पाहुणे आले का?" त्यानं हळूच विचारलं.

तो कुजबुजत होता, कुणी ऐकू नये म्हणून. माझी अब्रू जाऊ नये म्हणून. मला हो म्हणायचं होतं, ये म्हणायचं होतं, तोंड उघडलंही. शब्द आला नाही. त्या दिवशी ट्रे हातात घेऊन उभी होते तशीच उभी राहिले, खाली बघत. चहा उतू गेला, गॅस विझला, वास सुटला. ती बोटं किती वेळ होती सांगता येत नाही.

मग भिंतीशी लोखंड खरडलं. पावलं लांब गेली. झाकण सरकलं, दोन टप्प्यांत.

आणि माझ्या मागं, मोरीत, नळातून हवा सुटायला लागली.

८

रात्री सारजाबाईचा फोन आला. नातवाच्या मोबाईलवरून.

"आला व्हता का गं?"

"नाही मावशी."

"ठोकलं व्हतंस ना?"

"ठोकलं."

"दार उघडं व्हतं?"

"उघडंच होतं."

ती म्हणाली की त्याचा आपल्यावर राग असंल, पाहुणी म्हणून आपण बसून खात राहिलो, उठून बघायला पाहिजे होतं आपण. एवढं बोलून तिनं फोन ठेवला. तेव्हापासून ती अन्न घेत नाही असं सून सांगते. मला जायला पाहिजे. खरं सांगायला पाहिजे. रोज सकाळी साडी नेसते आणि मशीनवर बसते.

मागच्या दाराबाहेर डाव्या हाताला भिंतीवर गंजाचा ओला ओरखडा आहे. तो वाळत नाही. जैतुनबीनं विचारलं तर म्हटलं, पाइप गळतोय.

पाणी दर बुधवारी येतं. गल्लीतल्या बायका आता रांगेनं बादल्या आणतात, सगळ्यांना ते गोड लागतं. मी त्यांना भरू देते. तीन वाजता खोकला लागतो तेव्हा मी मशीन चालवते, पायानं जोरात, आवाज मोठा व्हावा म्हणून. पाच वाजेपर्यंत शिवते.

तांब्या मी जैतुनबीला देऊन टाकला.